ज्ञानगंभीर मंडळाचा एकमताचा ठराव

या, असे पुढे सरका. खांबामागचे आजोबा, तुम्हीही या, सतरंजी पुरेशी आहे. बुवांना यायला अवकाश आहे, तबलजी अजून हातोडी घेऊन बसलेत. तोवर चपला कुठे काढल्या याची चर्चा करण्यापेक्षा मी तुम्हाला एक गोष्ट सांगतो. माझ्यासमोर घडलेली आहे. हसावंसं वाटलं तर खुशाल हसा; देवळात हसलं म्हणून राम रागावत नाही.

उंबरपेठेच्या राममंदिरात चैत्रातलं कीर्तन रंगात आलं होतं. उभे होते अनंतबुवा गुळवणी. साठी कधीच उलटलेली, आवाजाला मधूनच भेग पडायची. पण ती भेग पडली की बायांचे पदर डोळ्यांना जायचे. बुवांनी नामाचा गजर उचलला आणि मागोमाग सगळ्या मंडपानं. एक मी सोडून. मी पहिल्याच रांगेत ओठ घट्ट मिटून बसलेला.

बुवांनी गजर थांबवला, चिपळ्या खाली घेतल्या आणि माझ्यापुढे येऊन उभे राहिले.

"अध्येते महाराज, तुमची मान गाते, डोळे गातात, मांडीसुद्धा ताल धरते. तोंडानंच काय घोडं मारलंय?"

मंडप हसला. मी हात जोडले आणि उजवीकडच्या भिंतीकडे बोट दाखवलं. भिंतीपलीकडे ज्ञानगंभीर मंडळ होतं. बुवांनी सुस्कारा टाकला. म्हणाले, "असू दे. रामाला मुक्याचंही ऐकू येतं. मलाच येत नाही." आणि पुढचं आख्यान लावलं.

आता हे मंडळ म्हणजे काय ते सांगायला हवं. विद्वानांना निवांतपणे ग्रंथ लिहिता यावेत म्हणून तात्यासाहेब नावाच्या एका सज्जन गृहस्थांनी ते काढलं. राहायला घर, दोन वेळचा शिधा, हवी ती पुस्तकं. अट एकच, ग्रंथ पुरा होईपर्यंत मौन. ही परंपरा तात्यासाहेबांनी स्वतः घालून दिली, असं दारावरच्या संगमरवरी पाटीवर कोरलेलं होतं. तात्यासाहेब केव्हाच गेले, पाटी राहिली.

मी शाळेतली मास्तरकी सोडून तिथे अध्येता झालो. माझा विषय 'कीर्तनातले दृष्टान्त'. मुलाखतीत त्याबद्दल कुणी अवाक्षर काढलं नाही. कार्यवाह जयंतराव धारपांनी एवढंच विचारलं, की आपल्याला उचकी लागते का.

मौनाचे नियम फार बारीक होते. शिंक क्षम्य. खोकलाही क्षम्य, पण त्यात अर्थ असता कामा नये. जांभई दिली तर हरकत नाही, जांभईनंतर 'नारायण, नारायण' म्हटलं की उल्लंघन. चिठ्ठ्या लिहायला बंदी, कारण चिठ्ठी म्हणजे कागदावरची कुजबुज. खुणा चालत, पण खुणेचा अर्थ काय हे ठरवण्याचा अधिकार कार्यवाहांचा. नियम मोडला की अध्येतेपण त्या क्षणी संपलं. त्यावर सुनावणी नसे, कारण सुनावणीत बोलावं लागतं.

मौनानं ग्रंथ भराभर होतील अशी तात्यासाहेबांची कल्पना असावी. झालं उलटं. ग्रंथ पुरा केला की मौन सुटणार, मौन सुटलं की घर सोडावं लागणार, आणि वर लोक तो ग्रंथ वाचणार. मौनात चूक काढणारा मात्र अजून जन्मायचा होता. तेव्हा ग्रंथ लांबत गेले, आणि जो जास्त काळ गप्प तो मोठा विद्वान असं गावात ठरून गेलं.

या हिशेबानं सगळ्यांत मोठे होते बापूसाहेब रिसबूड. मी शाळेत पाटी घेऊन जायचो तेव्हापासून ते गप्प होते. लोक त्यांना मौनमहर्षी म्हणत. परीक्षेआधी पोरं त्यांच्या पाया पडायला आणत, नवी नवरानवरी जोडीनं येत. बापूसाहेब पांढऱ्या दाढीतून सगळ्यांकडे बघत राहत आणि धारप शेजारी उभे राहून त्याचा अर्थ सांगत. एकदा कानात मुंगी शिरली म्हणून बापूसाहेबांनी मान जोरात झटकली. त्या झटक्यावर मंडळाच्या वार्षिक अंकात लेख आला, 'महर्षींनी केलेला द्वैताचा निषेध'.

आणखी तिघं होती. कुमुदिनीबाई आगाशे जुन्या स्वयंपाकघरातल्या शब्दांचा कोश करत होत्या. देवधर आणि पाध्ये काय करत होते ते त्यांनाही सांगता आलं नसतं. सभेत दोघंही गाढ झोपत. मला तर त्यांचंच मौन सगळ्यांत निर्मळ वाटे.

सभेचाही एक जुना नियम होता. निनावी अर्जांना कंटाळून तात्यासाहेबांनी लिहून ठेवलं होतं, की हरकत तोंडानं घ्यावी, आणि एकाही अध्येत्यानं हरकत घेतली नाही तर ठराव एकमतानं मंजूर समजावा. मौनाचा नियम एका पानावर, हा दुसऱ्या पानावर. दोन्हींची गाठ कुणी मारली नव्हती. ती धारपांनी मारली. तेव्हापासून मंडळात सगळं एकमतानं होऊ लागलं. कार्यवाहांच्या बंगल्याला गच्ची एकमतानं झाली. वाचनालयाला त्यांच्या सासूबाईंचं नाव एकमतानं लागलं. सासूबाईंना वाचता येत नव्हतं, पण तसं बोलून दाखवणार कोण?

तर त्या संध्याकाळी कीर्तन संपलं, सुंठवडा वाटून झाला आणि धारप स्वतः मंडपात आले. ते कीर्तनाला कधी येत नसत. बुवा घामानं भिजलेले, उपरण्यानं तोंड पुसत होते. धारपांनी त्यांना अगदी गोड आवाजात सांगितलं, की राममंदिराची जागा मंडळाची आहे हे आपण जाणताच. सोमवारी सभा आहे. या मंडपाचं मौनमंदिर करायचं घाटतंय. मोठ्या शहरांतली माणसं इथे येऊन नुसती शांत बसतील, मंडळाचं नाव होईल. राम जागच्या जागी राहील. घंटेला खोळ घालू. कीर्तन, भजन मात्र बंद.

बुवांनी उपरणं खांद्यावर टाकलं. "आणि रामाला विचारलंत?"

"अध्येते आहेत ना," धारप म्हणाले. "त्यांची हरकत असेल तर ते बोलतीलच." आणि माझ्याकडे बघून हसले.

दुसऱ्या दिवशी सकाळी बुवा आमच्या घरी आले. मंडळानं दिलेलं घर ते. माझी बायको वेणू हिनं त्यांना पाट दिला, चहा टाकला. वेणूला माझ्या मौनाची चांगली सवय झाली होती. प्रश्न ती विचारायची आणि माझ्या वतीनं उत्तरही तीच द्यायची. "मी पंधरा दिवस माहेरी जाऊन येऊ ना? जा म्हणता? बरं, जाते." माझ्या एका खुणेचा अर्थ तिनं नवी पैठणी असा लावला होता, आणि तोही अधिकार मी कधी काढून घेतला नव्हता.

बुवांनी चहा निवू दिला. मग म्हणाले, की पूर्वी आजूबाजूच्या गावांतून बोलावणी यायची, आता त्यांना वाद्यवृंद लागतो, दिवे फिरणारे लागतात. आता हाच एक मंडप उरलाय. हाही गेला तर सप्ताहही संपला आणि तेही संपले. हे सगळं त्यांनी दुसऱ्या कुणाचं सांगावं तसं सांगितलं. शेवटी कप उचलला आणि खाली ठेवला.

"घरी एकटा म्हणून बघितलं, मास्तर. भिंतीपुढे उभा राहून. ते कीर्तन होत नाही. समोर कुणीतरी लागतं."

मी त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं. त्यांनी मला उठवलं आणि म्हणाले, की काही बोलू नका बरं का, तुमचं घर जाईल. मी काही मागायला आलो नाही, नुसतं सांगायला आलो होतो. आणि गेले.

वेणूनं कप विसळले, पालथे घातले. मग पदराला हात पुसत माझ्यासमोर येऊन बसली.

"हे बघा, एरवी तुमचं उत्तर मीच देते. आज देणार नाही. पण घराचं म्हणाल, तर माझ्या काकूंच्या दोन खोल्या बंद पडून आहेत, आणि शाळेला मास्तर अजून लागतात. गळतंय थोडं तिथे. बादल्या ठेवू."

सोमवारी सभा भरली. गणपूर्तीला निदान तीन अध्येते लागत. आम्ही पाचही जण होतो. शिपायानं चहा फिरवला. देवधर आणि पाध्ये लगेच झोपले. धारपांनी ठराव वाचला, मौनमंदिराचं वर्णन वाचलं, खोळीच्या कापडाचा रंगही वाचला. मग चष्मा काढला आणि काच पुसायला घेतली.

"कुणाची हरकत?"

काच पुसून होईपर्यंत थांबायचं अशी त्यांची पद्धत होती. मी उभा राहिलो. मनात रामाचं नाव घेतलं आणि तोंड उघडलं. आधी नुसतीच हवा आली. मग न वापरलेल्या रहाटासारखा करकरत आवाज आला. "माझी हरकत आहे."

मला वाटलं, धारप दचकतील. ते उलट खूश दिसले. चष्मा नीट कानांवर चढवून ते लेखनिकाला म्हणाले, "लिहा. एक मौनभंग. अध्येतेपण समाप्त. हरकत फक्त अध्येत्यालाच घेता येते, सबब हरकत आलेली नाही."

"अहो, पण मी बोललो तेव्हा अध्येता होतो."

"बोलायला लागेपर्यंत होतात. 'माझी' म्हणालात तिथे संपलात. त्यापुढचं 'हरकत आहे' हे बाहेरच्या एका गृहस्थांनी म्हटलं. बाहेरच्यांनी सभेत बसू नये, पण आपण चहा घेतला आहे, तर तो संपवून जा."

मी उभाच. घर गेलं, काम गेलं, आणि हरकत मात्र आलीच नव्हती. धारपांनी पुन्हा चष्म्याला हात घातला. तेवढ्यात बापूसाहेबांनी हात वर केला आणि पंजा डावीउजवीकडे हलवला.

"महर्षींचा आशीर्वाद," धारप म्हणाले.

बापूसाहेबांनी मान जोरानं नकारार्थी हलवली.

"महर्षी सुचवताहेत, की याविषयी दुमत नाही."

बापूसाहेब उठले. त्यांनी दोन्ही हात छातीसमोर आडवे धरले आणि फटकन बाजूला केले. तसं तीनदा केलं. लेखनिकाची लेखणी तयार होती.

"महर्षी दोन्ही हातांनी पाठिंबा देताहेत. अशी घटना मंडळाच्या इतिहासात..."

"अहो, नाही म्हणतोय मी."

आवाज इतका हळू होता की आम्हाला आधी कळलंच नाही कुठून आला. कुमुदिनीबाईंनी खिडकीकडे पाहिलं. शिपायाच्या हातातली किटली वाकडी झाली आणि चहा जाजमावर सांडत राहिला. बापूसाहेबांनी घसा साफ केला. "नाही. कीर्तन बंद करायचं नाही. जयंतराव, मघापासून तेच सांगतोय मी. तुमच्या लक्षात येत नाहीये."

धारपांचा चेहरा पांढरा पडला. महर्षी, आपण काय केलंत, असं काहीसं ते पुटपुटले.

"मौन मोडलं," बापूसाहेब म्हणाले. "कळतं मला. आता मीही बाहेरचा गृहस्थ. चहा संपवून जातो."

पण धारप म्हणजे धारप. त्यांनी बोटांवर मोजलं आणि सावरले. तिघं उरलीत, गणपूर्ती आहे, सभा वैध आहे, ठराव मंजूर, असं ते भराभर म्हणायला लागले. 'मंजूर' म्हणायच्या आत कुमुदिनीबाईंनी कपबशी टेबलावर आपटली.

"आणि मला चहात साखर नको असते, धारप. पहिल्या दिवसापासून खूण करतेय. तुम्ही दर वेळी त्या शिपायाला सांगता, बाईंना आणखी एक चमचा हवाय. पाक झालाय माझा नुसता."

मोठ्या माणसाचा मोठा त्याग तसा अपुराच पडला होता बघा. ठराव पडला तो कुमुदिनीबाईंच्या साखरेनं. सभेत आता दोघंच उरले, देवधर आणि पाध्ये, आणि दोघं झोपलेले. धारप त्यांच्याकडे मोठ्या आशेनं बघत होते. एवढ्या आवाजानं पाध्यांना जाग आली. त्यांनी डोळे चोळले, सभोवार पाहिलं आणि मोठ्यानं विचारलं, "संपली का सभा?"

संपली होती.

दुपारी आम्ही मंडपात येऊन बसलो. रामासमोर समई मिणमिणत होती, बाकी कुणी नव्हतं. बापूसाहेब भिंतीशी गेले आणि तिच्यावरून हात फिरवत राहिले. त्यांची खोली बरोबर पलीकडे होती. या बाजूनं ही भिंत त्यांनी कधी पाहिलीच नव्हती. मी विचारलं, की एवढी वर्षं का गप्प राहिलात? त्यांना बोलायला वेळ लागत होता. एक वाक्य झालं की थांबायचे, शब्द शोधायचे.

म्हणाले, पहिलं वर्ष आपणहून, ग्रंथासाठी. मग ग्रंथ वाचून बघितला, तो काही बरा नव्हता. म्हटलं, थोडं आणखी गप्प बसू, सुधारेल. तेवढ्यात लोक पाया पडायला लागले. आता पाया पडणाऱ्याला कसं सांगणार, की बाबा रे, मला काही सुचत नाहीये?

"पण तात्यासाहेबांची परंपरा..." मी म्हटलं.

बापूसाहेब हसले. हसता हसता त्यांना ठसका लागला. "कसली परंपरा हो? सकाळच्या वेळी वाचनालयात बोलू नका, एवढंच म्हणायचे ते. दुपारी पंगतीला तेच सगळ्यांत मोठ्यानं बोलायचे. मी त्यांच्या पंगतीतला. ती पाटी ते गेल्यावर लावली, तेव्हा मी मौनात होतो. सांगणार कसा?"

कुमुदिनीबाईंनी कपाळावर हात मारून घेतला. मग त्यांनीच विचारलं, की इतकी वर्षं काढलीत, तर आजच का बोललात?

बापूसाहेबांनी भिंतीवरचा हात काढला नाही.

"मी रोज पलीकडे डोकं टेकून बसायचो. बुवा मधेच थांबतात ना, आणि सांगतात, 'म्हणा मंडळी'? मला वाटायचं, मलाही सांगताहेत. बाकी सगळे माझ्या पाया पडून जायचे. म्हणा, असं मला दुसरं कुणी म्हटलं नाही."

त्या दिवशी संध्याकाळी कीर्तन झालं. बापूसाहेब दुसऱ्या रांगेत येऊन बसले. गजर सुरू झाला आणि त्यांचा आवाज निघाला. रामाशपथ सांगतो, इतका बेसूर आवाज मी जन्मात ऐकला नव्हता. ठेक्याच्या मागून यायचा, कधी एकदम पुढे निघून जायचा. लोक वळून बघायला लागले. अनंतबुवांनी पेटीवाल्याला खूण केली, संथ, ठाय लयीत घेतलं आणि तोच गजर पुन्हा पहिल्यापासून धरला. बापूसाहेबांना गाठता येईपर्यंत ते तिथेच घोळवत राहिले. सबंध मंडप थांबला त्यांच्यासाठी. बुवांच्या आवाजाला त्या दिवशी जी भेग पडली ती शेवटपर्यंत बुजली नाही, आणि माझंही तोंड उघडं होतं, पण मला काही गाता येईना.

पुढचं थोडक्यात सांगतो, बुवा निघालेत म्हणे घरून. मंडळानं नवे अध्येते शोधले, पण मौनमहर्षीच बोलून बसले म्हटल्यावर कुणी फिरकेना. देवधर एकटे झोपेत अध्येते राहिले. सभा काही पुन्हा भरली नाही, तेव्हा मंडपाला कुणी हात लावला नाही. त्या मोठ्या इमारतीत बोलायला कुणीच उरलं नाही, त्यामुळे धारपांनाच आपसूक मौन पडलं. आम्ही काकूंच्या खोल्यांत गेलो, बादल्या ठेवल्या. माझा ग्रंथ तिथे वेणूच्या बडबडीत वर्षभरात पुरा झाला. कुमुदिनीबाई येऊन-जाऊन असत, बिनसाखरेच्या चहाला.

बापूसाहेबांच्या पाया पडायला मात्र कुणी येईनासं झालं. महर्षी आता बोलतात, आणि तेही भाजी महागली वगैरे, म्हणून लोक हळहळले. नवरानवरी घेऊन आलेली काही मंडळी दारातूनच परतली. बापूसाहेबांना त्याचं काही नव्हतं. अनंतबुवांच्या ओसरीवर ते राहायला गेले होते. भाजी निवडता निवडता दोघे दिवसभर भांडत, आणि संध्याकाळी बुवा उभे राहत, हे समोर बसत. सूर त्यांना अखेरपर्यंत सापडला नाही. दोघेही आता नाहीत. आधी बुवा गेले. नंतरच्या चैत्रात मंडपात नवे बुवा आले, त्यांनी 'म्हणा मंडळी' म्हटलं आणि पहिला आवाज बापूसाहेबांचाच आला. तसाच, बेसूर.

ते बघा, बुवा आलेच. पाय जवळ घ्या, त्यांना वाट द्या. आता गजर सुरू होईल. मोठ्यानं म्हणा, लाजू नका, सुराची काळजी पेटीवाल्याला करू द्या. आणि म्हणताना उंबरपेठेच्या बापूसाहेब रिसबुडांची एकदा आठवण काढा. त्यांनी ग्रंथ पुरा केला नाही, दुसरी आठवण काढायला मागे काही नाही.